डबल-डबलची शाब्दिक उदाहरणं: आधी फेऱ्या मोजा, मग घातांक लावा

सातवीत घातांक येतो तेव्हा २^५ = ३२ हे पोरांना पटकन जमतं, आठवीत नियम पण पाठ होतात, आणि मग स्कॉलरशिपच्या नाहीतर एनएमएमएसच्या पेपरात तेच गणित चार ओळींची गोष्ट होऊन आलं की सगळे गप्प. मी नाशिकला सिडकोत ट्यूशन घेते, तिथे दरवर्षी हेच बघते, आणि स्पर्धा परीक्षेसाठी येणाऱ्या मोठ्या मंडळींचंही फार वेगळं नसतं. गुणाकार कोणाचा चुकत नाही हो. चुकतं ते एवढंच की डबल नक्की किती वेळा झालं हे मोजायच्या आधीच सगळे आकडे गुणायला बसतात.

(२^५ म्हणजे २ चा ५ वा घात. घातांक वर लहान अक्षरात टाइप करणं कटकटीचं म्हणून असं लिहितेय, वहीत नीटच लिहा. खालचा २ हा पाया आणि ५ हा घातांक.)

गोदावरीतल्या पाणवेलीपासून सुरू करू, नाशिककरांना ती वेगळी दाखवायला नको. संथ पाणी, भरपूर ऊन आणि वरून सांडपाणी मिळालं की ही वेल एक-दोन आठवड्यांत पसारा दुप्पट करू शकते. तर उदाहरण असं: एका डोहात ५ चौरस मीटर पाणवेली आहे, ती दर १० दिवसांनी दुप्पट होते, तर ६० दिवसांनी किती जागा व्यापेल?

पहिली पायरी, पेन्सिल घ्या आणि वाचता वाचता तीनच गोष्टींखाली रेघ मारा. सुरुवातीला किती होतं (५ चौरस मीटर), एकदा डबल व्हायला किती वेळ लागतो (१० दिवस), आणि एकूण वेळ किती (६० दिवस). बाकी डोह कुठला, वेल कसली, कोणी पाहिली, सगळं सोडून द्या.

दुसरी पायरी, फेऱ्या मोजा. एकदा डबल झालं म्हणजे एक फेरी. एकूण वेळ भागिले एका फेरीचा वेळ, ६० ÷ १० = ६. हा जो ६ आला तोच घातांक. दिवस ६० आहेत म्हणून घातांक ६० नाही, आणि फेरी १० दिवसांची म्हणून १० पण नाही. ही ओळ वहीत वेगळी लिहायची, "फेऱ्या = ६", तोंडी नाही करायचं, कारण पुढे उत्तर चुकलं तर नव्वद टक्के वेळा चूक याच ओळीत सापडते.

तिसरी पायरी, मांडणी:

शेवटी = सुरुवातीला × २^फेऱ्या

म्हणजे ५ × २^६ = ५ × ६४ = ३२० चौरस मीटर. झालं.

आता इथे पोरं काय काय करतात ते सांगते, कारण परीक्षेत पर्याय पण नेमके याच चुकांवरून बनवलेले असतात. एक गट ५ × २ × ६ = ६० लिहितो. त्यांनी घाताचा गुणाकार करून टाकला, २^६ म्हणजे २ × ६ नाही, सहा वेळा २ घेऊन एकमेकांशी गुणायचं. दुसरा गट आधी ५ × २ = १० करतो आणि मग १०^६ काढतो, दहा लाख. घातांक फक्त २ च्या डोक्यावर आहे, ५ च्या नाही, कारण डबल व्हायची क्रिया सहा वेळा झाली, पण सुरुवात एकदाच झाली. आणि दहा लाख चौरस मीटर म्हणजे १०० हेक्टर, जवळजवळ २४७ एकर, एवढी पाणवेली एका डोहात? उत्तर आलं की ते डोळ्यासमोर आणून बघायची सवय लावा, आकडा हास्यास्पद वाटला तर तो बहुतेक चुकलेलाच असतो.

शंका असेल तर सरळ पायऱ्यांनी करून बघा: ५ → १० → २० → ४० → ८० → १६० → ३२०. बाण सहा, आकडे सात. हे लक्षात ठेवा, आकडे मोजायचे नाहीत, मधल्या उड्या मोजायच्या. फेऱ्या म्हणजे उड्या.

"पहिल्या दिवशी" आलं की सावध

"सुरुवातीला ५ होते" आणि "पहिल्या दिवशी ५ होते" या दोन वाक्यांत आख्खा एक घातांक इकडेतिकडे होतो. समजा गल्ल्यात पहिल्या दिवशी १ रुपया टाकला, दुसऱ्या दिवशी २, तिसऱ्या दिवशी ४, तर दहाव्या दिवशी किती टाकाल? २^१० नाही. पहिल्या दिवशी अजून एकही उडी झालेली नाही, दुसऱ्या दिवशी एक, तिसऱ्या दिवशी दोन, म्हणजे दहाव्या दिवशी नऊ, उत्तर २^९ = ५१२ रुपये. बुद्धिबळाच्या पटावरच्या धान्याची गोष्ट सगळ्यांनी ऐकलेली असते म्हणून ती इथे परत सांगत नाही, पण तिच्यातही ६४ व्या घरात २^६३ दाणे असतात, २^६४ नाही.

याला माझी एक तपासणी आहे, सूत्रात "पहिला दिवस" घालून बघा. सूत्र २^(दिवस − १) असेल तर पहिल्या दिवशी २^० = १ येतं, बरोबर. सूत्र २^दिवस लिहिलं असेल तर पहिल्याच दिवशी २ रुपये येतात, आणि गोष्टीत तर १ म्हटलंय, म्हणजे चुकलं. आणि हो, २^० = १ हा नियम का आहे ते पण यातूनच कळतं, एकही फेरी झाली नाही म्हणजे जे होतं तेच आहे, १ ने गुणलं की काही बदलत नाही. पुस्तकात तो नुसता नियम म्हणून दिला की मुलांना शून्यच बरोबर वाटत राहतं.

शेवटचा आकडा विचारलाय की सगळी बेरीज?

त्याच गल्ल्याबद्दल "दहा दिवसांत एकूण किती जमले" असं विचारलं तर गणित वेगळं. १ + २ + ४ + ... + ५१२. एकेक मिळवत बसू नका. पहिल्या तीन दिवसांचे बघा, १ + २ + ४ = ७, आणि पुढचा आकडा असतो ८. चार दिवसांचे १५, पुढचा १६. बेरीज कायम पुढच्या आकड्यापेक्षा एकने कमी येते. म्हणून दहा दिवसांचे १०२४ − १ = १०२३ रुपये. सुरुवात १ रुपयाऐवजी ५ ने असेल तर सगळंच ५ पट, ५ × १०२३.

व्हॉट्सॲप फॉरवर्डचं उदाहरण यासाठी मला फार आवडतं. एकाने मेसेज दोघांना पाठवला, त्या दोघांनी प्रत्येकी दोन नव्या लोकांना, असं चालू राहिलं आणि कोणालाच तो दोनदा आला नाही असं धरू. २०११ च्या जनगणनेत नाशिक शहराची लोकसंख्या साधारण १४ लाख ८६ हजार होती. तेवढ्या लोकांपर्यंत पोचायला किती फेऱ्या? १९ व्या फेरीअखेर पाठवणाऱ्यासकट एकूण २^२० − १ = १०,४८,५७५ लोक होतात, म्हणजे अजून साडेचार लाखांच्या आसपास बाकी. २० व्या फेरीत २^२१ − १ = २०,९७,१५१. म्हणजे विसाव्या फेरीत आख्खं शहर पार! आणि बघा, त्या एकट्या विसाव्या फेरीत जेवढे नवे लोक आले ते आधीच्या सगळ्या मिळून लोकांपेक्षा एकने जास्तच आहेत. साखळीच्या स्कीमवाले "तुम्ही फक्त दोन जण आणा" म्हणतात ना, तिथे हेच गणित मांडून दाखवा, शेवटी येणाऱ्यांचीच संख्या सगळ्यात मोठी असते आणि त्यांच्या खाली आणायला माणसंच उरलेली नसतात.

एककं जुळवा

अनुकूल वातावरणात ई. कोलाय नावाचा जिवाणू साधारण २० मिनिटांत दुप्पट होतो, हा जीवशास्त्रातला आकडा गणितवाल्यांचा लाडका आहे. एका जिवाणूपासून ८ तासांनी किती? इथे ८ ÷ २० करणारे दर बॅचला भेटतात. आधी दोन्ही मिनिटांत आणा, ८ तास म्हणजे ४८० मिनिटं, ४८० ÷ २० = २४ फेऱ्या. किंवा तासाला ३ फेऱ्या, ८ तासांना २४, हे तोंडी पण होतं. उत्तर २^२४.

आता २^२४ काढायचं कसं, चोवीस वेळा २ गुणत बसायचं का, तर नाही, इथे घातांकाचे नियम कामाला येतात. २^१० = १०२४ हे पाठच करा. २^२० = १०२४ × १०२४ = १०,४८,५७६. मग २^२४ = २^२० × २^४ = १०,४८,५७६ × १६ = १,६७,७७,२१६. पाया सारखा असला की गुणाकारात घातांकांची बेरीज, याचा अर्थ एवढाच की आधी २० फेऱ्या झाल्या आणि मग अजून ४, एकूण २४. पर्यायांमधून निवडायचं असेल तर २^१० ला हजार धरा, २^२० ला दहा लाख, म्हणजे उत्तर दीड-पावणेदोन कोटींच्या घरात, बाकीचे पर्याय खोडा. (खऱ्या आयुष्यात जिवाणू असे वाढतच राहत नाहीत, अन्न संपतं, जागा संपते. पेपरात "याच दराने" असं लिहिलेलं असतं ते त्यासाठीच.)

आणि प्रश्नात "दर तासाला २ ने वाढतात" असं असेल तर घातांक लावायचाच नाही, ती साधी बेरीज आहे. २ ने आणि २ पट यातला फरक न बघता लोक सूत्र लावून मोकळे होतात.

उलटं विचारलं तर

एक डोह पाणवेलीने पूर्ण झाकायला ६० दिवस लागले, फेरी तीच १० दिवसांची, तर अर्धा कधी झाकला होता? ३० दिवस म्हणालात ना? ५० व्या दिवशी. शेवटच्या एका फेरीत अर्ध्याचा पूर्ण झाला. पाव भाग ४० व्या दिवशी, आणि ३० व्या दिवशी तर फक्त एक अष्टमांश, म्हणजे पुलावरून बघणाऱ्याला वाटणार की फार काही नाहीये. याच्याच पोटात अजून एक प्रश्न आहे जो मला पुस्तकातल्या प्रश्नापेक्षा भारी वाटतो: मशीन लावून अर्धी पाणवेली काढली तर किती दिवसांची उसंत मिळेल? फक्त एक फेरी, दहा दिवस. महिनाभर हवा असेल तर तीन फेऱ्या मागे जायला लागेल, म्हणजे ८ पैकी ७ भाग काढायला लागतील.

मागे जायचं म्हणजे दर फेरीला २ ने भागायचं. आज ५ चौरस मीटर आहे तर २० दिवसांपूर्वी किती होती? दोन फेऱ्या मागे, ५ ÷ २^२ = १.२५. हेच ५ × २^(−२) असं लिहितात, ऋण घातांक म्हणजे एवढंच, फेऱ्या उलट्या दिशेला. नॉकआउट टूर्नामेंट पण अशीच, गोल्फ क्लब ग्राउंडवर ३२ टीम उतरल्या तर दर राउंडला अर्ध्या घरी, ३२ = २^५ म्हणून पाच राउंड. मॅच मात्र ३१, कारण दर मॅचला एकच टीम बाहेर जाते आणि चॅम्पियन सोडून सगळ्यांना एकदा हरायचंच आहे.

दुसऱ्या प्रकारचा उलटा प्रश्न म्हणजे "किती वेळ लागेल". दर १५ मिनिटांनी दुप्पट, ३ चे ७६८ व्हायला किती वेळ? आधी सुरुवातीच्या आकड्याने भागा, ७६८ ÷ ३ = २५६. आता २५६ हा २ चा कितवा घात? आठवा. आठ फेऱ्या, १२० मिनिटं, दोन तास. घातांक शोधायला २, ४, ८, १६, ३२, ६४, १२८, २५६, ५१२, १०२४ ही ओळ पाढ्यासारखी तोंडात बसलेली असू द्या. "५०० च्या पुढे कधी जाईल" असं विचारलं तर ५०० ÷ ३ म्हणजे १६६ आणि थोडं वर, ते १२८ आणि २५६ च्या मधे पडतं, सात फेऱ्यांत होत नाही म्हणून आठवी.

पैशांचं उदाहरण, आणि हे खरंखुरं आहे

पोस्टातलं किसान विकास पत्र. एप्रिल २०२३ पासूनच्या ७.५ टक्के दराने त्यात पैसे ११५ महिन्यांत डबल होतात, म्हणजे ९ वर्षं ७ महिने. ५०,००० ठेवले, मुदत संपल्यावर सगळे परत त्याच दराने ठेवले असं धरलं तर २३० महिन्यांनी ५०,००० × २^२ = दोन लाख. (दर सरकार बदलत असतं, म्हणून हे गणितापुरतं.) १९८८ मध्ये ही योजना सुरू झाली तेव्हा पैसे साडेपाच वर्षांत डबल व्हायचे. तो दर टिकला असता तर २२ वर्षांत २२ ÷ ५.५ = ४ फेऱ्या, १६ पट, ५०,००० चे आठ लाख. ११५ महिन्यांच्या हिशोबात त्याच २२ वर्षांत, म्हणजे २६४ महिन्यांत, पूर्ण फेऱ्या फक्त दोनच बसतात. फेरी लांबली की घातांक कमी होतो आणि घातांक थोडा जरी कमी झाला तरी उत्तर कुठल्या कुठे जातं.

व्याजदर दिलाय पण डबल व्हायचा वेळ दिला नाही, तर ७२ ला दराने भागा. ७२ ÷ ७.५ = ९.६ वर्षं, पोस्टाच्या ९ वर्षं ७ महिन्यांशी जवळजवळ तंतोतंत जुळतं. चक्रवाढ व्याजालाच चालतं हे, सरळव्याजाला नाही.

मराठीच्या तासाला पण हेच आहे

य र त न भ ज स म, हे आठ गण आपण सगळ्यांनी वृत्तं ओळखताना घोकलेत. आठच का? गणात तीन अक्षरं, प्रत्येक जागी लघु किंवा गुरु, म्हणजे २ × २ × २ = २^३ = ८. नववा गण असूच शकत नाही. इथे काहीच वाढत नाहीये, वेळ नाही, दिवस नाहीत, तरी डबल होतंय, कारण एक अक्षर वाढवलं की शक्यता दुप्पट होतात. नाणं फेकणं, हो-नाहीचे प्रश्न, चालू-बंद बटणं, सगळी याच घरातली. फेऱ्यांच्या जागी "जागा किती" ते मोजायचं.

शार्दूलविक्रीडितात एका चरणात १९ अक्षरं. १९ अक्षरांच्या चरणाचे लघु-गुरु क्रम एकूण किती होतील? २^१९. आणि हे झटपट काढायची रीत पिंगलाचार्यांच्या छंदःशास्त्रात चार छोट्या सूत्रांत दिलेली आहे. द्विरर्धे, रूपे शून्यम्, द्विः शून्ये, तावदर्धे तद्गुणितम्. म्हणजे संख्या सम असेल तर अर्धी करा आणि बाजूला २ लिहा, विषम असेल तर एक वजा करा आणि ० लिहा, शून्यापर्यंत जा. मग १ घेऊन खालून वर या, ० दिसला की दुप्पट, २ दिसला की वर्ग.

करून बघू. १९ विषम, १८ (०). १८ चे ९ (२). ९ चे ८ (०). ८ चे ४ (२), ४ चे २ (२), २ चा १ (२). १ चा शून्य (०). आता खालून: १ ची दुप्पट २, वर्ग ४, वर्ग १६, वर्ग २५६, दुप्पट ५१२, वर्ग २,६२,१४४, दुप्पट ५,२४,२८८. एकोणीस गुणाकारांऐवजी सातच पायऱ्या, आणि आज कॉम्प्युटरमध्ये मोठे घात काढायला याच जातीची रीत वापरतात. एवढ्या सव्वापाच लाख क्रमांपैकी एकाच क्रमाला आपण शार्दूलविक्रीडित म्हणतो.

आता सरावाला चार. आधी स्वतः करा, उत्तरं खाली आहेत.

१. वायनरीत द्राक्षाच्या रसात यीस्ट टाकलं. नमुन्यात २०० पेशी आहेत आणि त्या दर ९० मिनिटांनी दुप्पट होतात असं धरा. ९ तासांनी किती?

२. संस्कारवर्गाला पहिल्या सोमवारी ३ मुलं आली, दर सोमवारी आकडा दुप्पट झाला. सहाव्या सोमवारी किती मुलं?

३. पाणवेली दर ७ दिवसांनी दुप्पट होते, डोह २८ व्या दिवशी पूर्ण झाकला. एक अष्टमांश कधी झाकला होता?

४. एक बुरशी दर ४ तासांनी १६ पट होते, दुसरी दर ३ तासांनी ८ पट. दोन्ही सारख्याच आकाराने सुरू झाल्या. १२ तासांनी कोणती मोठी?

उत्तरं. पहिल्यात ५४० ÷ ९० = ६ फेऱ्या, २०० × ६४ = १२,८००. दुसऱ्यात "पहिल्या सोमवारी" म्हटलंय म्हणून उड्या पाच, ३ × ३२ = ९६, आणि १९२ आलं असेल तर वर जाऊन गल्ल्याचं उदाहरण परत वाचा. तिसऱ्यात पूर्णपासून तीन फेऱ्या मागे, २१ दिवस, म्हणजे ७ व्या दिवशी. चौथ्यात बहुतेक जण १६ बघून पहिलीला मोठी म्हणतात, पण पाया सारखा करून बघा: १६^३ = (२^४)^३ = २^१२, आणि ८^४ = (२^३)^४ = २^१२. दोन्ही ४०९६ पट, कारण दोन्ही मुळात तासाला एकदा डबलच होतायत.